पश्चिम कडेपासून

टेपचं एक टोक माझ्या हातात होतं,
दुसरं हवालदार गंगाधरनच्या.
ओट्टप्पालमकडे जाणारा रस्ता, माझ्या चहाच्या टपरीसमोर,
रुंदी सहा मीटर चाळीस.
धडकेची जागा पश्चिम कडेपासून तीन मीटर साठ.
हवालदारानं लिहून घेतलं,
मी खाली सही केली: पंच, चात्तुण्णी, वय अठ्ठावन्न.

मधली रेघ तीन वीसवर.
म्हणजे वेलायुधन
चाळीस सेंटीमीटर पलीकडे होता.

चार वर्षांनी न्यायाधिकरणात
विमा कंपनीच्या वकिलानं याच चाळीसवर बोट ठेवलं.
तरुण मुलगा, गळ्यातली पांढरी पट्टी सारखी सावरत होता.
उजेड किती होता? मयूरा बस किती वेगात होती?
हेल्मेटचा पट्टा लावलेला होता का?
रस्त्यावर खड्डा होता का?
खड्डा नव्हता, साहेब.
खरं सांगितलं. खड्डा नव्हताच.

खडी होती का, असं कुणी विचारलं नाही.

वीस एमएमची, अर्धा लोड.
आदल्या रात्री सव्वानऊला लॉरी आली,
ड्रायव्हर म्हणाला, अंगणात शिरत नाही गाडी, इथेच ओततो.
मुलीचं लग्न ठरलेलं, वरची खोली बांधायला काढलेली.
म्हटलं, सकाळी आवरू.
ढीग डांबरावर पसरला, कंबरेएवढा,
रस्त्याचा तिसरा हिस्सा खाऊन.
एखादा कंदील ठेवावा, असं मनात आलंही होतं.
घरात होताही.

पाच वाजून दहा मिनिटांनी आवाज आला.
आधी मी त्याच्याकडेच धावलो, एवढं तरी लिहून घ्या.
रिक्षा थांबवली, डोकं मांडीवर घेतलं,
लुंगी पोटापर्यंत भिजली.
ते गेले.
मग जावई आणि मी, दोन फावडी, तीन घमेली,
एकही शब्द न बोलता.
पोलीस आले पावणेसातला.
रस्ता धुतलेला पाहून गंगाधरननं विचारलं, पाणी कशाला मारलं?
रक्त होतं ना, साहेब.
तेही खरंच.

निकाल वकिलाच्या कारकुनानं मल्याळममध्ये समजावून सांगितला.
बसचालक हंसाची हयगय सत्तर टक्के.
मयताची तीस.
बेरीज बरोबर शंभर.
त्यात आणखी कुणाला जागा नव्हती,
मी बोटांवर पुन्हा पुन्हा करून पाहिली.

फरशा बसवायचा तो. तंकमणी म्हणाली, महिना अठरा हजार.
कागद नाही, म्हणून बारा धरले.
पुढे वाढले असते, म्हणून चाळीस टक्के जास्त.
स्वतःवर उडवले असते, म्हणून चौथा हिस्सा वजा.
(त्यात माझ्याकडचा चहा आला असणार,
रोज दोन, एक कडक, एक निघताना.)
वय चौतीस, गुणक सोळा.
चोवीस लाख एकोणीस हजार दोनशे.
त्यातून मयताची स्वतःची चूक:
सात लाख पंचवीस हजार सातशे साठ.

चाळीस सेंटीमीटरचे एवढे होतात,
हे मला ठाऊक नव्हतं.
माझ्या खोलीला अडीच लाख लागले होते, दारंखिडक्या धरून.

स्लॅब चांगला पडला. गळत नाही.
मुलगी सणाला येते, वर झोपते.
मी खाली टपरीतच अंग टाकतो,
सांगतो, गुडघे दुखतात.

परवा तंकमणी आली, दोन्ही मुली शाळेत सोडून.
बाकावर बसली, पिशवी मांडीवर.
म्हणाली, एट्टा, ते कधी डावी बाजू सोडायचे नाहीत.
सासूबाई हसायच्या, गवतातून गाडी चालवतो म्हणून.
कोर्टात लिहिलंय, ते मध्ये गेले.
कशाला गेले असतील मध्ये?
तुम्ही तर इथेच होता.

दूध उतू आलं होतं, मी वळलो.
पेला विसळला. पुन्हा विसळला.
विचारलं, साखर किती?

ती साखर घेत नाही.
नऊ वर्षं मीच तिला चहा देतोय.